बोलाविना चालणारी चाल

पुणतांब्याचे नाव काढले की बहुतेकांना चांगदेवांची समाधी आठवते. वर्तमानपत्रे वाचणाऱ्यांना १ जून २०१७ पासून सुरू झालेला शेतकऱ्यांचा संप आठवतो. शिर्डीला रेल्वेने जाणाऱ्यांना दौंड–मनमाड मार्गावरचे, शिर्डीचा फाटा फुटणारे स्टेशन आठवते. १२ जानेवारी १९१८ रोजी याच गावात रामचंद्र नरहर चितळकर जन्मले आणि पुढे सी. रामचंद्र या नावाने हिंदी चित्रपटांचे संगीतकार झाले, हे मात्र कुणीतरी सांगावे लागते. नगर जिल्ह्याच्या दुसऱ्या अंगाला, पाथर्डी तालुक्यातल्या तिसगावकडे, तर हे नाव आणखी कमी निघते. उत्तर नगर पाटपाण्याचे आणि साखर कारखान्यांचे, दक्षिण नगर कोरडवाहू आणि ऊसतोडीला बाहेर पडणाऱ्यांचे, आणि दोन्हीकडची माणसे एकमेकांची उणीदुणी काढण्यात तरबेज. सी. रामचंद्रांच्या ‘अलबेला’ चित्रपटातली गाणी मात्र या दोन्ही अंगांना वरातीत वाजत आली, आणि ती वाजवताना चाल कुणाची हे विचारायची गरज कुणाला पडली नाही.

सी. रामचंद्रांविषयी लिहिताना एक वाक्य ठरलेले असते: त्यांनी हिंदी चित्रपटसंगीतात पाश्चात्त्य ताल आणि वाद्ये आणली. हे खोटे नाही. ‘शहनाई’त (१९४७) त्यांनी गिटार, माउथऑर्गन आणि सॅक्सोफोन एकत्र आणले, ‘अलबेला’त (१९५१) बोंगो वाजवला, ‘आशा’त (१९५७) रॉक अँड रोलचा ठेका धरला. पण ताल आणि वाद्ये त्या काळात मुंबईतल्या कुठल्याही क्लबात ऐकायला मिळत होती. ती उचलून आणणे हा काही एकट्याचा पराक्रम नव्हे. मला यापेक्षा महत्त्वाचा वाटणारा प्रश्न वेगळा आहे. हा माणूस मराठी, पहिले नायकाचे काम दिले ते दाक्षिणात्य दिग्दर्शकाने, संगीतकार म्हणून पहिली संधी मिळाली ती तमिळ चित्रपटांत, नाव झाले हिंदीत, भरभराटीच्या वर्षांतली मोठी कामे आली ती कोइमतूर आणि मद्रासच्या स्टुडिओंतून, आणि उतारवयात एक मोठा चित्रपट केला तो तेलुगूत. इतक्या भाषांच्या वेशी ओलांडणे त्याला जमले कसे? माझे उत्तर असे की सी. रामचंद्र अशा चाली बांधत, ज्या शब्द बदलले तरी उभ्या राहत, आणि प्रसंगी शब्दांना अर्थ नसला तरी उभ्या राहत. पाश्चात्त्य वाद्ये हा त्या कौशल्याचा एक भाग होता. त्याचे मूळ दुसरीकडे आहे.

तुलनेसाठी त्याच काळातले इटालियन चित्रपट-संगीतकार घेऊ. निनो रोटा फेलिनीच्या चित्रपटांना संगीत देत होता आणि त्याच हाताने किंग व्हिडरच्या ‘वॉर अँड पीस’लाही (१९५६), पुढे १९७२ मध्ये ‘द गॉडफादर’ आला. मारिओ नाशिम्बेनेने ‘द बेअरफूट कॉन्टेसा’ (१९५४), ‘अलेक्झांडर द ग्रेट’ (१९५६), ‘द व्हायकिंग्ज’ (१९५८) असे हॉलिवूडचे चित्रपट केले. या मंडळींच्या प्रतिभेविषयी शंका नाही, पण त्यांच्यासाठी वाट उघडली ती पैशाच्या हिशेबाने. महायुद्धानंतर अमेरिकन कंपन्यांनी इटलीत तिकिटांवर कमावलेल्या पैशाचा मोठा भाग त्यांना देशाबाहेर नेता येत नव्हता. मग तो तिथेच खर्च करणे भाग पडले. रोममधल्या चिनेचित्ता स्टुडिओत सेट उभे राहिले, ‘क्वो वादिस’सारखे (१९५१) अवाढव्य चित्रपट तिथे घडले, आणि रोममधले कॅमेरामन, शिवणकाम करणारे, वादक, संगीतकार यांची अमेरिकनांशी ओळख झाली. संगीतकार परदेशी जाण्याआधी परदेशी भांडवल त्याच्या दारात येऊन बसले होते.

आपल्याकडे हेच दक्षिण आणि मुंबई यांच्यात घडले. एस. एस. वासन यांच्या जेमिनी स्टुडिओने १९४८ मध्ये ‘चंद्रलेखा’ आधी तमिळमध्ये आणि मग हिंदीत आणला. उत्तरेकडचे प्रेक्षक मद्रासमध्ये बनलेल्या चित्रपटाला गर्दी करतात हे दिसल्यावर तिथल्या निर्मात्यांचा हिशेबच बदलला. स्टुडिओ त्यांच्याकडे होते, शिस्त होती, पगारी माणसे होती. हिंदीतली गाणी मात्र मुंबईकडून हवी होती. कोइमतूरच्या पक्षिराजा स्टुडिओचे श्रीरामुलू नायडू यांनी आपला ‘मलैक्कळ्ळन’ (१९५४) हा तमिळ चित्रपट हिंदीत ‘आझाद’ (१९५५) म्हणून करायला घेतला, तेव्हा सगळी गाणी महिनाभरात हवी अशी अट घातली. ते आधी संगीतकार नौशादांकडे गेले आणि एवढ्या घाईत काम होणार नाही असे सांगून नौशादांनी नकार दिला, असे सांगितले जाते. नौशादांची काम करण्याची रीत माहीत असणाऱ्याला यात काही वावगे वाटणार नाही. सी. रामचंद्रांनी होकार दिला आणि काही आठवड्यांत गाणी तयार केली. त्याच वर्षी वासन यांनी त्यांना ‘इन्सानियत’ दिला, ज्यात दिलीपकुमार आणि देव आनंद एकदाच एकत्र आले आणि हॉलिवूडहून आणलेल्या झिपी नावाच्या चिंपांझीने दोघांच्या वाट्याचे थोडे कौतुक पळवले. १९५८ मध्ये वासन यांचाच ‘वंजिकोट्टै वालिबन’ आणि त्याचा हिंदी अवतार ‘राजतिलक’, १९५९ मध्ये ‘पैगाम’. दक्षिणेचा पैसा हिंदीकडे निघाला होता आणि त्याला मुंबईत एक खात्रीचा माणूस सापडला होता.

खात्रीचा का, याचे उत्तर त्यांच्या उमेदवारीत आहे. पुण्यात विनायकबुवा पटवर्धनांकडे आणि नागपुरात शंकरराव सप्र्यांकडे त्यांनी गाण्याची तालीम घेतली. १९३५ मध्ये वाय. व्ही. राव यांच्या ‘नागानंद’मध्ये नायक झाले; चित्रपट चालला नाही. मग सोहराब मोदींच्या मिनर्व्हा मूव्हीटोनमध्ये किरकोळ भूमिका, आणि तिथल्याच बुंदू खाँ, हबीब खाँ यांच्या हाताखाली पेटी. हा टप्पा चरित्रकार दोन ओळींत आटोपतात, पण मला तो निर्णायक वाटतो. स्टुडिओतला पेटीवाला म्हणजे संगीतकार आणि बाकी सगळे यांच्यामधला दुवा. चाल पाठ करायची ती त्याने, गायिकेला शिकवायची त्याने, गीतकाराचे अक्षर जास्त झाले की कुठे ओढायचे आणि कुठे तोडायचे हे सुचवायचेही त्यानेच. अशी कामे केलेल्या माणसाला चालीचा सांगाडा आणि शब्दांचे मांस वेगवेगळे दिसू लागते. त्यानंतर भगवानदादांनी, म्हणजे भगवान पालव यांनी, दिग्दर्शित केलेल्या ‘जयक्कोडी’ आणि ‘वनमोहिनी’ या तमिळ चित्रपटांना त्यांनी संगीत दिले. हे १९४० च्या आगेमागे. हिंदीतला ‘सुखी जीवन’ १९४२ चा. म्हणजे मातृभाषा मराठी असलेल्या या तरुणाने स्वतंत्र संगीतकार म्हणून पहिल्या चाली बांधल्या त्या तमिळ शब्दांवर. अशा वेळी संगीतकार शब्दांच्या अर्थावर रेलू शकत नाही. त्याला ऱ्हस्व-दीर्घ मोजावे लागतात, जोर कुठे पडतो ते ऐकावे लागते, आणि चाल अशी करावी लागते की तिचा डौल अर्थाच्या टेकूविना कळेल.

इथेच रोटा आणि चितळकर यांच्यातला फरक स्पष्ट होतो. इटालियन संगीतकाराचे मुख्य काम पार्श्वसंगीताचे. व्हायोलिनला आणि ट्रम्पेटला भाषा नसते. रोममध्ये लिहिलेला संगीताचा तुकडा लॉस एंजेलिसमध्ये तसाच वाजतो. आपल्याकडच्या संगीतकाराची किंमत ठरते ती गाण्यावर, आणि गाण्याला भाषेचे ओझे असते. त्या अर्थाने रोमहून हॉलिवूडला जाण्यापेक्षा मुंबईहून कोइमतूरला जाणे अवघड. हे वाक्य कुणाला गावाभिमानातून आलेले वाटेल, म्हणून पुरावा देतो.

‘आझाद’मधले सर्वांत लोकप्रिय गाणे म्हणजे लता आणि उषा मंगेशकरांनी गायलेले ‘अपलम चपलम’. या दोन शब्दांना हिंदीत अर्थ नाही आणि मराठीतही नाही. ‘लम’ या शेवटामुळे उत्तरेकडच्या कानाला ते दक्षिणेकडचे वाटतात, दक्षिणेकडच्या कानाला कदाचित उत्तरेकडचे. पडद्यावर त्यावर सई आणि सुब्बलक्ष्मी या दोघी नाचतात. एका तमिळ चित्रपटाच्या हिंदी रूपात, कोइमतूरच्या निर्मात्यासाठी, मराठी संगीतकाराने आणि राजेंद्र कृष्ण या गीतकाराने मुखड्याच्या जागी कुणाच्याच भाषेत नसलेले दोन शब्द ठेवावेत, याला मी निव्वळ गंमत मानत नाही. दोनच वर्षांनी मद्रासच्या एम. व्ही. रामन यांच्या ‘आशा’साठी ‘ईना मीना डीका’ आले. किशोरकुमारने एकदा आणि आशा भोसलेंनी एकदा गायलेले हे गाणे सगळेच्या सगळे आवाजाच्या खेळावर उभे आहे. ही तऱ्हा केवळ दाक्षिणात्य निर्मात्यांपुरती होती असेही नाही. प्यारेलाल संतोषींच्या १९५२ च्या चित्रपटाचे नावच ‘शिन शिनाकी बूबला बू’ होते. पण एक गोष्ट तिन्हींत समान आहे. मुखडा दोन-दोन, तीन-तीन अक्षरांच्या तुकड्यांचा, प्रत्येक तुकडा ठेक्यावर नेमका पडणारा, आणि दुसऱ्यांदा ऐकताच तोंडात बसणारा. हिंदी न येणाऱ्या पोराला हे गाणे हिंदी येणाऱ्याइतकेच येते. बहुभाषी बाजारात याहून उपयोगी माल कोणता असणार?

अर्थात निरर्थक शब्द ही युक्ती झाली, आणि युक्तीवर कुणी दहा-बारा वर्षे टिकत नाही. तिच्या मागची रचना पाहण्यासाठी ‘वंजिकोट्टै वालिबन’मधली नृत्यस्पर्धा घ्यावी. वैजयंतीमाला आणि पद्मिनी, समोरासमोर. तमिळ शब्द कोत्तमंगलम सुब्बू यांचे, आवाज पी. लीला आणि जिक्की यांचे. एक नाचते आणि थांबते. दुसरी तिचाच धागा उचलून पुढे नेते. ताल चढत जातो, चाल कूस बदलते, उत्तरांमधले अंतर कमी होत जाते आणि शेवटी दोघी एकाच वेळी नाचू लागतात. ‘राजतिलक’मध्ये याच दोघी, हीच चुरस, शब्द मात्र हिंदी. तमिळ चित्रपट चांगला चालला, हिंदी तितका चालला नाही, पण नृत्याचा तो प्रसंग दोन्हीकडे सांगितला जातो. कारण त्यात काय म्हटले जात आहे याला फारसे महत्त्व नाही. कोण वरचढ ठरते हे महत्त्वाचे, आणि ते चालीतून कळते.

मराठी माणसाला ही रचना ओळखीची वाटावी. ढोलकीच्या फडावरचा सवाल-जवाब असाच चालतो. तिसगावपासून जवळच असलेल्या मढीला होळीपासून गुढीपाडव्यापर्यंत कानिफनाथांची यात्रा भरते, आणि यात्रा म्हटली की आपल्या मुलखात तमाशाचे फड आलेच. दोन बाजू, एकीने टाकलेला पेच, दुसरीने सोडवलेला आणि वर नवा टाकलेला, मध्ये ढोलकी. ‘समाधी’तल्या (१९५०) ‘गोरे गोरे’ या प्रसिद्ध गाण्यात नलिनी जयवंत आणि कुलदीप कौर हेच करतात. गायिका लता मंगेशकर आणि अमीरबाई कर्नाटकी. ‘अपलम चपलम’ दोघींचे. ‘वंजिकोट्टै’तली स्पर्धा दोघींची. आठ वर्षांत तीन वेळा तोच साचा. त्यांनी तो तमाशातून उचलला असे मी म्हणणार नाही. दक्षिणेतही नर्तकींच्या चढाओढीची स्वतःची परंपरा आहे आणि नृत्यदिग्दर्शकांचा त्यात मोठा वाटा असतोच. म्हणणे इतकेच की महाराष्ट्रात वाढलेल्या संगीतकाराला हा साचा परका नव्हता, आणि दक्षिणेलाही तो परका नव्हता, म्हणून दोन्हीकडे तो चपखल बसला.

आता आक्षेप. पहिला आक्षेप चोरीचा. ‘गोरे गोरे’ची चाल एडमंडो रॉस या लंडनमधल्या बँडवाल्याच्या लॅटिन अमेरिकी धाटणीच्या गाण्यावरून घेतलेली आहे, हे उघड आहे आणि त्यावर पांघरूण घालण्याचे कारण नाही. तरी उसनवारी कुठवर जाते ते पाहावे. मूळ गाणे एका गायकाचे आणि त्याच्या साथीदारांचे. इथे त्याचा संवाद झाला, एकीने बोलवायचे आणि दुसरीने अटी घालायच्या असा. मुखडा बाहेरचा, त्याला घर मात्र इथले. यावर कुणी म्हणेल की चोर शिंप्याने कापडावर नवी गुंडी लावली म्हणून ते त्याचे होत नाही. मान्य. म्हणूनच ‘गोरे गोरे’ हे त्यांचे सर्वश्रेष्ठ गाणे आहे असा दावा मी करत नाही. पण उसन्या चाली हाच त्यांचा आधार असता, तर त्याच रॉसच्या तबकड्या ऐकणाऱ्या मुंबईतल्या डझनभर संगीतकारांना तेच यश मिळायला हवे होते. शिवाय ‘अलबेला’ या एकाच चित्रपटात बोंगो वाजणारे हवाई बेटांच्या थाटाचे नाचगाणे आहे आणि पिलू रागातली, जेमतेम चार वाद्यांच्या साथीवरची अंगाई आहे. अंगाईला लंडनहून काही आणावे लागले नव्हते.

दुसरा आक्षेप जास्त गंभीर आणि जास्त न्याय्य आहे. चाल संगीतकाराची असली तरी गाण्याचा जो आवाज कानावर पडतो, तो गोव्याच्या वादकांनी आणि अरेंजरांनी घडवला. श्रेयनामावलीत मात्र त्यांना जागा नव्हती. सी. रामचंद्रांच्या बाबतीत हे नाव चिक चॉकलेट यांचे. हळदोण्यात जन्मलेले अँतोनिओ झेवियर वाझ हे ट्रम्पेटवादक मुंबईच्या ताजमध्ये जॅझ वाजवत, लोक त्यांना भारताचा लुई आर्मस्ट्राँग म्हणत, आणि ‘अलबेला’तल्या एका गाण्यात ते आपल्या बँडसह पडद्यावरही दिसतात. ‘ईना मीना डीका’तल्या एका तुकड्यात ‘मका नाका’ हे कोंकणी बोल ऐकू येतात, तेही गोव्याच्या साथीदाराकडून आल्याचे सांगतात. रोटा किंवा मोरिकोने हे इटालियन संगीतकार कॉन्झर्व्हेटरीत शिकलेले. आपले वाद्यवृंदाचे कागद ते स्वतः लिहीत. मुंबईत संगीतकार पेटीवर चाल देई आणि चौदा व्हायोलिनांनी काय वाजवायचे ते दुसराच कुणी मांडी. तेव्हा रोटा आणि चितळकर यांना एकाच मापाने मोजता येणार नाही, हे खरेच.

पण यातून चाल दुय्यम होती हे सिद्ध होत नाही. हेच गोवेकर मुंबईत सगळ्यांकडे वाजवत होते. सेबास्टियन डिसोझा शंकर-जयकिशन यांच्यासाठी लिहीत, अँथनी गोन्साल्विस कित्येकांसाठी लिहीत. वादक तेच, स्टुडिओ तेच, मायक्रोफोन तेच, आणि तरी शंकर-जयकिशनचे गाणे आणि सी. रामचंद्रांचे गाणे पहिल्या चार मात्रांत वेगळे ओळखू येते. शंकर-जयकिशनच्या गाण्यात वाद्यवृंद गाण्याला खांद्यावर घेऊन निघतो. सी. रामचंद्रांच्या गाण्यात वाद्ये मधल्या जागा भरतात, ओळ संपली की एखादी चिमटी घेतात आणि गाणाऱ्याला वाट मोकळी करून देतात. ही निवड पेटीवर बसणाऱ्याची आहे. चिक चॉकलेट यांना श्रेय मिळायला हवे होते, ते न मिळणे हा अन्याय होता. तो दूर करण्यासाठी दुसऱ्याचे श्रेय कमी करावे लागत नाही.

तिसरा आक्षेप माझ्या मांडणीवरच आहे. ‘अनारकली’चे (१९५३) काय? तिथे निरर्थक शब्द नाहीत, बोंगो नाही. उर्दू वळणाची शायरी आहे, भीमपलासी आहे, बागेश्री आहे. संगीत आधी वसंत प्रकाश यांच्याकडे होते, त्यांचे एक गाणे चित्रपटात राहिलेही. पण चित्रपट लोकांच्या लक्षात आहे तो सी. रामचंद्रांच्या चालींमुळे. शब्दांना एवढे महत्त्व असलेली गाणी जर त्यांची सर्वोत्तम, तर भाषेविना चालणाऱ्या चालीचा सिद्धांत कोलमडतो, नाही का? उलट मला ‘अनारकली’ हाच सर्वांत भक्कम पुरावा वाटतो. दोन वर्षांनी, १९५५ मध्ये, तेलुगूत ‘अनारकली’ आला. संगीत आदिनारायण राव यांचे, नायिका अंजली देवी. त्यात जिक्कीने गायलेले एक गाणे आजही आंध्र-तेलंगणात आवडीने ऐकले जाते, आणि ते भीमपलासीतल्या त्याच प्रसिद्ध चालीवर बेतलेले आहे. उर्दू शब्द गळून पडले, तेलुगू शब्द आले, चाल राहिली. ती राहू शकली कारण तिच्या ओळी लांबीला सारख्या, श्वासाला सोयीच्या आणि स्वरांचे चढउतार स्पष्ट असलेल्या आहेत. शायरी बाजूला काढून नुसत्या बासरीवर वाजवली तरी तिचे दुःख कळते. ‘अपलम चपलम’ आणि ‘अनारकली’ ही मला एकाच कारागिरीची दोन टोके वाटतात. उडत्या गाण्यात त्यांनी शब्दांचा अर्थच काढून टाकला; गंभीर गाण्यात अर्थ ठेवला, पण चाल त्यावर अवलंबून ठेवली नाही.

शब्दांविना ही गाणी किती दूर गेली याची परीक्षा रेडिओवर झाली नाही, कारण रेडिओचे दार तेव्हा बंद होते. १९५२ पासून दहा वर्षे माहिती व नभोवाणी खाते बाळकृष्ण विश्वनाथ केसकर यांच्याकडे होते. तेही मराठीच, आणि शास्त्रीय संगीताचे कट्टर अभिमानी. चित्रपटगीतांनी, त्यातही पाश्चात्त्य ठेक्याच्या गीतांनी, देशाची अभिरुची बिघडते असे त्यांचे मत, आणि आकाशवाणीवरून ही गाणी जवळपास हद्दपार झाली. १९५७ मध्ये विविध भारती सुरू होईपर्यंत श्रोते रेडिओ सिलोनकडे वळले. आकाशवाणीमुळे कितीएक गवयांना आणि वादकांना घर मिळाले, आणि त्याचे श्रेय केसकरांना द्यायला मला संकोच नाही. पण विनायकबुवांच्या शिष्याच्या चालीत त्यांना फक्त बोंगोच ऐकू आला, हे नवल आहे. तोवर गावोगाव ही गाणी पोहोचली होती ती दुसऱ्याच दोन वाटांनी. एक, जत्रेतला तंबूचा सिनेमा. दुसरी, लग्नातला बँड. या बँडकडे काय असते? क्लॅरिनेट, ट्रम्पेट, क्वचित सॅक्सोफोन, ताशा आणि ढोल. नेमकी हीच फुंकवाद्ये सी. रामचंद्रांच्या रेकॉर्डिंगमध्ये होती. दुसऱ्या एखाद्या संगीतकाराचे चाळीस व्हायोलिनांचे गाणे तिसगावच्या वरातीत वाजवायचे तर त्याचा जीव जायचा. ‘अलबेला’तली गाणी मात्र बँडवाल्याच्या हातात जशीच्या तशी उतरत. गायक नाही, शब्द नाहीत, आणि तरी पहिल्या फुंकेला पोरे नाचायला पुढे येतात. ‘अलबेला’तले भगवानदादांचे ते कमरेत हलके झोके देत, हात पुढे टाकत नाचणे महाराष्ट्रातल्या वरातींत आणि गणपतीच्या मिरवणुकांत इतके मुरले की ते कुठून आले हे आता नाचणाऱ्यालाही सांगता येणार नाही.

मग हा माणूस १९६० नंतर मागे का पडला? ‘नवरंग’ (१९५९) आणि ‘स्त्री’ (१९६१) हे व्ही. शांतारामांचे चित्रपट सोडले तर पुढची यादी रोडावते. लता मंगेशकरांशी दुरावा आला होता. ‘नवरंग’मध्ये मुख्य आवाज आशा भोसलेंचा आहे. २७ जानेवारी १९६३ रोजी दिल्लीच्या नॅशनल स्टेडियमवर, पंडित नेहरूंसमोर, लताबाईंनी प्रदीप यांचे जे देशभक्तिगीत गायले त्याची चाल सी. रामचंद्रांची, देशातल्या अनेक शाळांत ते आजही म्हटले जाते. तरी त्यातून चित्रपटांची कामे परत आली नाहीत. त्यांनी मराठीत ‘धनंजय’ (१९६६) आणि ‘घरकुल’ (१९७०) केले, गदिमांच्या ‘गीत गोपाल’ला चाली दिल्या, १९७७ मध्ये ‘माझ्या जीवनाची सरगम’ हे आत्मचरित्र लिहिले. फॅशन बदलली आणि फॅशनवर उभा असलेला माणूस पडला, असा निष्कर्ष यावरून काढला जातो. मला तो उथळ वाटतो. फॅशन रोममध्येही बदलली. पण निनो रोटा १९५० पासून बारीच्या संगीत विद्यालयाचा संचालक होता आणि जवळजवळ शेवटपर्यंत ते काम त्याच्याकडे राहिले. चित्रपट आला तर आला, नाही आला तर विद्यार्थी होतेच. इटलीत लेखक-संगीतकारांचे हक्क सांभाळणारी संस्था १८८२ पासून आहे. चाल कुठेही वाजली की कर्त्याच्या नावावर काही ना काही जमा होत राहते. रोटाने ‘गॉडफादर’मध्ये स्वतःचीच ‘फोर्तुनेल्ला’साठी (१९५८) लिहिलेली धून पुन्हा वापरली, त्यापायी त्याचे ऑस्करचे नामांकन गेले; उपजीविकेला मात्र धक्का लागला नाही.

मुंबईच्या संगीतकाराला शाळा नव्हती, पगार नव्हता, आणि कायदाही त्याच्या बाजूला नव्हता. चित्रपटासाठी पैसे घेऊन केलेल्या संगीताचा मालक, वेगळा करार नसेल तर, निर्माता, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने १९७७ मध्ये दिला. तेच सी. रामचंद्रांच्या आत्मचरित्राचे साल. म्हणजे ज्याच्या चाली भाषेवाचून, गायकावाचून, त्याच्या नावावाचूनही चालत राहिल्या, त्यालाच त्या चालण्यातून काही मिळण्याची सोय नव्हती. चाल जितकी सुटसुटीत, तितकी ती कर्त्यापासून लवकर सुटते. उताराची ही बाजू त्यांच्या गुणांतूनच आलेली आहे, आणि तिला बदलत्या फॅशनपेक्षा जास्त वजन द्यायला हवे.

१९७८ मध्ये एन. टी. रामाराव यांनी तेलुगूत ‘अकबर सलीम अनारकली’ काढला आणि संगीतासाठी पुणतांब्याच्या चितळकरांना बोलावले. त्यांची चाल तेलुगूत जाऊन तेव्हा तेवीस वर्षे झाली होती. आता त्याच कथेसाठी ते स्वतः गेले. ५ जानेवारी १९८२ रोजी मुंबईत ते वारले. चित्रपटात वापरलेल्या संगीताच्या पुढच्या वापरातून संगीतकाराला वाटा मिळालाच पाहिजे, तो त्याला करारानेही सोडून देता येणार नाही, अशी दुरुस्ती कॉपीराइट कायद्यात झाली ती २०१२ मध्ये.